मीरा रोडचा प्रेक्षक
सकाळी मीरा रोडला चर्चगेट लोकल पकडणाऱ्यांच्या हातात पेपर आता क्वचितच दिसतो. मोबाइल असतो, कानात इअरफोन असतात आणि रात्री अर्धवट राहिलेला एपिसोड अंधेरीपर्यंत संपतो. २०१६ च्या जानेवारीत नेटफ्लिक्स भारतात आलं, त्याच वर्षी जिओने डेटा स्वस्त केला आणि चांगल्या सिनेमासाठी दक्षिणेची गाडी धरणाऱ्या मीरा-भाईंदरच्या माणसाला जगभरचा सिनेमा घरबसल्या मिळू लागला. मला याचं मनापासून अप्रूप आहे. व्हेनिसला पटकथेचा पुरस्कार मिळवणारा चैतन्य ताम्हाणेंचा ‘द डिसायपल’ २०२१ मध्ये घराघरांत पोहोचला तो याच वाटेने. थिएटरांत त्याला पुरेसे शो मिळाले असते का, शंकाच आहे. पण मराठीचं दुखणं इथेही सुटलेलं नाही. मल्टिप्लेक्सना मराठी चित्रपटासाठी प्राइम टाइमची अट सरकारने २०१५ मध्ये घातली. ओटीटीला तशी अट नाही. तिथे हिशेब एकच, किती लोक पाहतात आणि कुठे सोडून देतात. त्यामुळे कित्येक मराठी निर्माते खरेदीदाराची वाट पाहत बसतात. मराठीसाठीच निघालेल्या ‘प्लॅनेट मराठी’ने २०२१ मध्ये ‘जून’ आणला, तेव्हा तो पैसे भरून पाहायचा होता, आणि ते योग्यच होतं. ८ जुलै २०२५ रोजी याच मीरा रोडला मराठीसाठी माणसं रस्त्यावर उतरली. तुम्ही त्या मोर्च्यात असा वा नसा, महिन्याला एक तरी मराठी चित्रपट पैसे भरून आणि शेवटपर्यंत पाहा.