पाटी बदलली, पाट तोच

27 सप्टेंबर 2018 रोजी पुण्यात जनता वसाहतीजवळ मुठा उजव्या कालव्याची भिंत फुटली आणि दांडेकर पुलाजवळच्या झोपडपट्टीत पाणी घुसले. दिवसाउजेडी घडले म्हणून माणसे वाचली, पण शेकडो संसार वाहून गेले. त्यानंतर जे झाले ते अधिक बोलके होते. जलसंपदा खात्याने कालव्यालगत केबल टाकणाऱ्यांकडे बोट दाखवले. महापालिका म्हणाली, कालवा तुमचा, दुरुस्ती तुमची. आणि तत्कालीन जलसंपदा मंत्र्यांनी उंदीर, घुशी व खेकडे यांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले! ज्यांची घरे गेली त्यांनी जाब विचारायचा कोणाला, याचे उत्तर कोणाकडेच नव्हते.

हा प्रश्न एका भिंतीचा नाही. पाण्याच्या कारभाराची मांडणी या राज्यात कशी झाली आणि कोणासाठी झाली, असा तो प्रश्न आहे.

मंगळवार पेठेतील सिंचन भवनात महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळाचे कार्यालय आहे. हे महामंडळ 1996 साली स्थापन झाले. बच्छावत लवादाने महाराष्ट्राला कृष्णेचे 560 टीएमसी पाणी दिले होते, 2000 सालानंतर त्या वाटपाचा फेरविचार होऊ शकत होता, म्हणून त्याआधी पाणी अडवायची घाई होती. रोखे काढून पैसा उभा केला गेला, धरणांचे नारळ फुटले, ठेकेदार गब्बर झाले. पुढच्या दोन वर्षांत विदर्भ, तापी, कोकण आणि गोदावरी मराठवाडा अशी आणखी चार महामंडळे निघाली. पाटबंधारे खात्याचे जलसंपदा खाते झाले. माणसे तीच, टेबले तीच, पाटी मात्र नवी.

1999 साली चितळे आयोगाने खोरेनिहाय नियोजनाचा आणि नदीखोरे अभिकरणांचा मार्ग सुचवला. 2005 साली जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाचा कायदा झाला. त्या कायद्याने काय केले? अस्तित्वात असलेल्या या पाच महामंडळांनाच नदीखोरे अभिकरण म्हटले! बांधकामाचे ठेके देणारी संस्थाच खोऱ्याच्या पाण्याचा हिशेब मांडणार, असे ठरले. प्रत्येक खोऱ्याचा आराखडा करून त्यातून एकात्मिक राज्य जल आराखडा तयार व्हावा, मुख्यमंत्र्यांच्या अध्यक्षतेखालील परिषदेने तो मंजूर करावा आणि त्यानुसारच प्रकल्पांना मान्यता मिळावी, असे कायदा सांगतो. आराखडा झाला नाही, प्रकल्प मात्र मंजूर होत राहिले. अखेर जनहित याचिका दाखल झाली. आराखड्याशिवाय नवे प्रकल्प नकोत, असे उच्च न्यायालयाच्या तेव्हाच्या औरंगाबाद खंडपीठाला बजावावे लागले, तेव्हा कुठे 2015 च्या जानेवारीत त्या परिषदेची पहिली बैठक झाली. कायदा झाल्यावर जवळजवळ दहा वर्षांनी!

आता डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी काय केले ते पाहा. 1942 ते 1946 या काळात ते व्हाईसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूरमंत्री होते. 1943 च्या दामोदरच्या पुरानंतर बंगाल आणि बिहारच्या प्रतिनिधींना त्यांनी एकत्र बसवले. नदी प्रांताची सीमा ओळखत नाही, म्हणून संपूर्ण खोऱ्याचा एकच आराखडा आणि त्याला जबाबदार असे एकच प्राधिकरण, ही त्यांची भूमिका होती. पूर, वीज, सिंचन आणि जलवाहतूक यांचा विचार त्यांनी एकत्र केला. 1945 साली केंद्रात जलमार्ग, सिंचन व नौकानयन आयोग उभा राहिला, तो त्यांच्याच खात्यात. आजचा केंद्रीय जल आयोग हा त्याचाच वारसदार. त्यांच्या कामाचा क्रम वाचकांनी लक्षात घ्यावा : आधी खोरे, मग आराखडा, मग यंत्रणा. आपल्याकडे आधी ठेका, मग यंत्रणा आणि कोर्टाने कान धरल्यावर आराखडा. (दामोदर प्रकल्पातही विस्थापितांचा, विशेषतः आदिवासींचा, हिशेब पुढच्या सरकारांनी नीट चुकता केला नाही, हेही सांगितले पाहिजे.)

त्या केंद्रीय जल आयोगाचीही पुनर्रचना करा, भूजल मंडळासह त्याचा एक राष्ट्रीय जल आयोग करा, अशी शिफारस मिहिर शाह समितीने 2016 साली केली. अभियंत्यांच्या बरोबरीने समाजशास्त्र आणि पर्यावरण जाणणारी माणसेही त्यात हवीत, असे तिचे म्हणणे होते. आयोगातून कडाडून विरोध झाला. अभियंत्यांच्या ज्ञानाबद्दल वाद नाही. 1916 साली सुरू झालेल्या खडकवासल्याच्या संस्थेत जलसंशोधन चालते, ते जगाला ठाऊक आहे. पण धरण किती उंच हे अभियंता सांगेल, पाणी कोणाच्या रानात जाईल हे तो ठरवत नाही. ते ठरते कालवा सल्लागार समितीत, जिथे पालकमंत्री आणि आमदार बसतात.

2005 च्या कायद्यात पाण्याचा कोटा ठरतो तो लाभक्षेत्रातील जमिनीवर. टंचाईत निदान एक एकर भिजेल इतके पाणी प्रत्येक जमीनधारकाला शक्यतो द्यावे, असेही त्यात आहे. पण ज्याच्याकडे जमीनच नाही त्याचे काय? पिढ्यान्‌पिढ्या ज्यांना जमीन मिळू दिली नाही, त्यांना आता पाण्याच्या हक्कातूनही कायदेशीररीत्या वगळले आहे. चवदार तळ्यावर दगड मारून अडवले होते, येथे सात-बारा दाखवून अडवतात. आणि हे अटळ होते असेही नाही. याच पुणे जिल्ह्यात, पुरंदरच्या नायगावात, 1972 च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पाणी पंचायत सुरू केली. तिथे पाणी जमिनीवर नव्हे, माणशी अर्ध्या एकराच्या हिशेबाने वाटले गेले. भूमिहीनालाही वाटा होता आणि उसाला मज्जाव होता. कायदा करणाऱ्यांना हा प्रयोग माहीत नव्हता असे कोण म्हणेल?

डिसेंबर 2024 मध्ये जलसंपदा खात्याचे पुन्हा दोन तुकडे झाले. गोदावरी व कृष्णा खोरे एका मंत्र्याकडे, विदर्भ, तापी व कोकण दुसऱ्याकडे. याला पुनर्रचना म्हणायचे की वाटणी?

आणि आता खडकवासला ते फुरसुंगी असा बोगदा काढून शहरातला कालवा बंद करायची योजना आहे. गळती, चोरी आणि बाष्पीभवन थांबून सुमारे अडीच टीएमसी पाणी वाचेल असे सांगितले जाते. वाचलेले पाणी वाढत्या शहराला, दौंड-इंदापूरच्या उसाला, की अजून टँकरची वाट पाहणाऱ्या वस्त्यांना, हे आज कागदावर आले पाहिजे. कालव्याची मोकळी होणारी जागा कोणाच्या घशात जाणार आणि काठावरच्या झोपड्या कुठे हलवणार, हेही. ज्या बैठकीत हे ठरेल, तिथे जनता वसाहतीतले आणि दांडेकर पुलाजवळचे किती जण बसणार आहेत?