कवच उघडण्याची वेळ

३१ ऑगस्ट २०१७ रोजी सायंकाळी ७ वाजता श्रीहरिकोट्याहून पीएसएलव्ही-सी३९ हा प्रक्षेपक झेपावला. त्याच्या माथ्यावर १४२५ किलोग्रॅम वजनाचा आयआरएनएसएस-१एच हा दिशादर्शक उपग्रह होता. आधीच्या एका उपग्रहातील तिन्ही अणुघड्याळे निकामी झाली होती. त्याची जागा हा घेणार होता. बाकीचे सारे टप्पे ठरल्याप्रमाणे पार पडले, तरी मोहीम फसली. उपग्रहाभोवतीचे उष्णतारोधक कवच उघडलेच नाही. सुमारे एक टन जादा ओझे वाहत प्रक्षेपक हव्या त्या कक्षेपर्यंत पोहोचू शकला नाही. उपग्रह प्रक्षेपकापासून सुटला खरा, पण बंद कवचाच्या आतल्या आत. १९९३ च्या पहिल्या उड्डाणानंतर पीएसएलव्हीला एवढे पूर्ण अपयश आले नव्हते.

हे कवच म्हणजे केवळ टोपण नव्हे. समुद्राकाठच्या प्रक्षेपण तळावर उपग्रह उभा असतो तेव्हा खारा वारा, दमटपणा आणि धूळ यांपासून तेच त्याला राखते. आत स्वच्छ, थंड व कोरडी हवा सतत सोडलेली असते. उड्डाणाच्या क्षणी इंजिनांची गर्जना जमिनीवर आपटून वर उसळते. तो आवाजच असा की, पातळ सौर पट्ट्या आणि अँटेना नुसत्या कंपनाने मोडाव्यात. म्हणून कवचाला आतून ध्वनी शोषणारे अस्तर लावतात. पुढे वेग वाढतो तसा हवेचा दाब आणि घर्षणाची उष्णता वाढते. हे सारे कवच आपल्या अंगावर घेते. आतल्या नाजूक यंत्राला वातावरणाची झळ लागत नाही.

परंतु हे काम जेमतेम सव्वातीन-साडेतीन मिनिटांचे. शंभर किलोमीटरच्या वर हवा इतकी विरळ होते की तिची उष्णता उपग्रहाला अपाय करीत नाही. त्याआधी कवच गेले तर उपग्रह होरपळेल. त्यानंतर राहिले तर तेच कवच मृत भार होऊन इंधन खाईल. म्हणून ते आरंभापासून दोन अर्धुकांचे घडवतात. शिवणीतच स्फोटक दोरी बसवलेली असते. ठरल्या सेकंदाला शिवण फाटते आणि दोन्ही अर्धुके उपग्रहाला न शिवता बाजूला ढकलली जातात. म्हणजे ज्या दिवशी कवचाचा आराखडा काढतात, त्याच दिवशी ते कोठे फाटावे हेही ठरवतात. आम्हांला यातील हीच गोष्ट सर्वांत विचार करण्याजोगी वाटते.

अमेरिकेची गोष्ट याहून बोचरी आहे. नासाचे ‘ओको’ (२००९) आणि ‘ग्लोरी’ (२०११) हे दोन उपग्रह असेच, कवच न सुटल्याने समुद्रात गेले. मोठ्या तपासानंतर कळले की, फाटण्याच्या सांध्यासाठी ॲल्युमिनियम पुरवणाऱ्या कंपनीने चाचण्यांचे आकडे बदलले होते. खोटे दाखले देण्याचा तिचा प्रकार एकोणीस वर्षे चालला होता. आमच्याही शाळेच्या दाखल्यावर ‘वर्तणूक : चांगली’ असे असते. बाहेरच्या जगात हा विद्यार्थी कसा वागेल, याची चाचणी आम्ही कधी घेतली होती?

वसतिगृहे आता कालबाह्य झाली, असे म्हणणाऱ्यांशी आम्ही सहमत नाही. १९२५ साली बहिष्कृत हितकारिणी सभेने सोलापुरात वसतिगृह काढले, ते बाहेरची हवा विषारी होती म्हणून. ती अजूनही पुरती निवळलेली नाही. आमच्या मुलांना दोन वेळचे जेवण, दिव्याखाली बसायची जागा आणि आडनाव न विचारणारे सवंगडी मिळाले पाहिजेतच. आमची चूक दुसरीकडे झाली. कवच मजबूत करण्यात आम्ही वर्षे घालवली. शिवण आखली नाही. उत्तम गुण मिळवून शहरात गेलेली काही मुले दिवाळीच्या आत परत आली. कोणी खाणावळीच्या हिशेबाला घाबरला, कोणी शिष्यवृत्तीच्या अर्जावर अडला, कोणाला ‘तुम्ही कोणापैकी?’ या प्रश्नाला कसे उत्तर द्यावे हे सुचले नाही. मुलांत धमक नाही, असे आम्हीच त्या वेळी म्हणालो. ते बोलणे आम्ही येथे मागे घेतो.

मज्झिम निकायातील अलगद्दूपम सुत्तात तथागतांनी तराफ्याचा दृष्टांत दिला आहे. नदी ओलांडल्यावर, तराफ्याने उपकार केले म्हणून तो डोक्यावर घेऊन चालणारा माणूस शहाणा नव्हे. हे सुत्त आम्ही वर्गात शिकवतो. संस्थेला मात्र लावीत नाही. आपण शाळेला विसरू, अशी कबुली एखादा माजी विद्यार्थी संकोचाने देतो तेव्हा आमचे मन खट्टू होते. तसे व्हायला नको. वर्गणीचे काय ते स्वतंत्रपणे बोलू!

म्हणून यंदापासून काही गोष्टी बदलत आहोत. नववीपासून मुले स्वतःचे बँक खाते स्वतः चालवतील. सकाळच्या वंदनेनंतरचा अर्धा तास कधी तालुक्याच्या कचेरीत अर्ज भरण्याच्या सरावाला जाईल. पुणे, नागपूर, मुंबई व छत्रपती संभाजीनगर येथील माजी विद्यार्थ्यांनी पहिल्या सहा महिन्यांसाठी एकेका मुलाची चौकशी ठेवावी. पैसे देऊ नयेत, फक्त फोन उचलावा. आणि दहावीच्या दिवाळी सुटीत मुलांना न्यायला पालकांनी येऊ नये, ती एस.टी.ने आपापली घरी येतील. यावर पालकसभेत बरीच नाराजी झाली, विशेषतः मुलींच्या बाबतीत. मुली दोघी-दोघींनी निघतील, एवढी तडजोड आम्ही केली आहे; याहून अधिक करणार नाही. गाड्यांचे वेळापत्रक कार्यालयाबाहेरच्या फलकावर लावले आहे.