गुरुजी वर्गाचा की कचेरीचा?

कायद्याचे पुस्तक एक सांगते आणि कचेरी दुसरेच करविते, हा प्रकार रयतेस नवा नाही. सन २००९ च्या सक्तीच्या शिक्षणाच्या कायद्याचे २७ वे कलम साफ म्हणते की, दर दहा वर्षांची खानेसुमारी, आपत्तीतील मदत आणि निवडणुका एवढी कामे सोडून शिक्षकास शिक्षणाबाहेरच्या कामास जुंपू नये. तरी नाना तऱ्हेची सर्वेक्षणे व माहितीचे तक्ते मुख्याध्यापकाच्याच गळ्यात पडतात. शिवाय खिचडीच्या तांदळाचा हिशेब आहेच. याविरुद्ध मुख्याध्यापकांच्या संघटना कित्येक वर्षे तक्रार करीत आहेत.

कोणी म्हणेल, पगारी माणसाने चार कामे केली म्हणून काय बिघडले? बिघडते ते तुमच्या लेकराचे! त्याच कायद्याच्या कोष्टकाप्रमाणे ६० मुलांपर्यंतच्या प्राथमिक शाळेस दोन शिक्षक, आणि निराळा मुख्याध्यापक १५० वर मुले असतील तरच. म्हणजे माणातल्या वाडीवस्तीवर दोघांपैकी एकानेच मुख्याध्यापक व्हावयाचे. तो कागद घेऊन दहिवडीस गेला की चार इयत्ता एकाच्या अंगावर पडतात. शहरातला पैसेवाला शिकवणी लावून ही तूट भरून काढतो. मेंढरांमागे हिंडणाऱ्याने आणि ऊसतोडीस जाणाऱ्याने ती कशाने भरावी?

सन २०१३ मध्ये बिहारातील सारण जिल्ह्यात शाळेतील विषारी अन्नाने २३ मुले दगावली. पुढे २०१६ साली तेथील मुख्याध्यापिकेस न्यायालयाने शिक्षा दिली. त्या घटनेनंतर आमच्याकडील मुख्याध्यापकांनीही खिचडीच्या जोखमीतून सुटका मागितली. यावर आमचे म्हणणे स्पष्ट आहे. खिचडी बंद होता कामा नये. दुष्काळी मुलुखात भरल्या पोटाशिवाय पाटी कोण धरील? पण धान्य मोजावयास व वह्या लिहावयास सरकारने निराळा माणूस नेमावा. सरकारची काटकसर मुलांच्या अभ्यासातून होऊ नये.

गुरुजींसही दोन शब्द. ओझे उतरले तर तो वेळ फळ्यापुढेच गेला पाहिजे. कामाच्या नावाखाली वर्ग सोडून फिरणाऱ्याची वकिली आम्ही करणार नाही.

शेजारच्या खटाव तालुक्यातील कटगुण हे जोतीराव फुल्यांच्या घराण्याचे मूळ गाव. सन १८८२ मध्ये हंटर कमिशनपुढे त्यांनी बजावले होते की, सरकारची तिजोरी रयतेच्या घामाने भरते आणि तिचा लाभ मात्र वरच्या वर्गास मिळतो. गुरुजीचा पगारही त्याच तिजोरीतून निघतो. मग त्याचा वेळ कोणाचा, हे विचारण्याचा हक्क तुमचाच आहे.

बंधूभगिनींनो, शाळा व्यवस्थापन समितीत कायद्याने तीन चतुर्थांश पालक असतात आणि निम्म्या जागा बायकांच्या असतात. तेथे नुसता अंगठा अगर सही करून उठू नका. या महिन्यात गुरुजी किती दिवस वर्गाबाहेर होते आणि कोणाच्या हुकुमाने, हे इतिवृत्तात लिहवून घ्या व त्याची नक्कल पंचायत समितीस धाडा. तोंडी गाऱ्हाणे वाऱ्यावर जाते. लेखी प्रश्नास मात्र कचेरीस उत्तर द्यावे लागते.