वाङ्मयचौर्याचे पहारेकरी

विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१८ मध्ये वाङ्मयचौर्याविषयी नियमावली आणली. तेव्हापासून प्रबंधातील साम्य १० टक्क्यांच्या पुढे गेले, की आम्ही मार्गदर्शक मंडळी विद्यार्थ्याला हटकतो. पण तो प्रबंध ज्या आज्ञावलीवर टंकलिखित होतो, ती पुष्कळदा महाजालावरून उतरवलेली चोरीची प्रत असते; आणि ‘कशाला पैसे घालवता?’ असे सांगणारेही आम्हीच असतो. दुसऱ्याचे वाक्य उचलणे हे पाप आणि दुसऱ्याची आज्ञावली उचलणे ही काटकसर, हा कुठला न्याय?

साहित्याच्या अध्यापकांना तर ही पळवाट मुळीच नाही. १९५७ च्या प्रताधिकार कायद्याच्या व्याख्येत संगणकीय आज्ञावली ही ‘साहित्यकृती’च आहे. त्याच कायद्याच्या ६३ ब या कलमानुसार चोरीची प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्याला सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. तरीही कायद्याचा धाक हा मला दुय्यम मुद्दा वाटतो. मुख्य मुद्दा आहे तो आपल्या संशोधनाचे काय होते, हा.

चोरीच्या प्रतीबरोबर ‘क्रॅक’ येतो आणि त्याची पहिली अट असते : अँटिव्हायरस बंद करा. म्हणजे चोराला घरात घेण्यापूर्वी राखणदाराला आपणच रजा द्यायची! २०१८ पासून ‘स्टॉप’ किंवा ‘डीजेव्हीयू’ नावाने ओळखले जाणारे खंडणीखोर विषाणू मुख्यतः अशाच क्रॅकमधून पसरले. ते संगणकावरील धारिका कुलूपबंद करतात आणि किल्लीसाठी शेकडो डॉलर मागतात. जोडून ठेवलेला पेन ड्राइव्हही त्यातून सुटत नाही.

माझ्या एका विद्यार्थिनीने दोन वर्षे गावोगाव फिरून जात्यावरच्या ओव्या टिपल्या होत्या. अशाच एका क्रॅकने तिचे सारे टिपण एका दुपारी कुलूपबंद केले. ज्या आजींनी त्या ओव्या सांगितल्या, त्यांपैकी दोघी आज हयात नाहीत. आता पुन्हा जायचे तरी कोणाकडे? आणि ती आज्ञावली तिला विभागातूनच मिळाली होती, हे मी कसे विसरू?

यावर ठरलेले उत्तर येते : ज्ञान मुक्त असावे, आणि आमचा विद्यार्थी गरीब आहे. दोन्ही विधाने मान्य. पण मुक्त ज्ञानाचा ज्यांना खरा ध्यास होता, त्यांनी चोरी केली नाही. त्यांनी स्वतः लिहिले आणि वाटले. लिबरऑफिस २०१० पासून विनामूल्य उपलब्ध आहे, त्यात मराठी युनिकोड उत्तम चालते. मुंबईच्या एक टाइपचा ‘मुक्त’ हा देखणा देवनागरी टंकही मुक्त परवान्यावर मिळतो. मग अडचण गरिबीची की नवे काही शिकण्याच्या आळसाची?

प्रबंधाच्या आरंभी विद्यार्थी ‘हे लेखन माझे स्वतःचे आहे’ असे प्रतिज्ञापत्र जोडतो आणि त्याखाली आम्ही मार्गदर्शक म्हणून सही करतो. यापुढे ती सही करताना आपल्या विभागातला संगणक एकदा डोळ्यांपुढे आणावा. लेखकाच्या हक्काबद्दल वर्गात बोलण्याचा अधिकार तिथूनच मिळवावा लागेल.