निखारे फुलेपर्यंत...

‘‘अगं, कोळसे अजून काळेच आहेत. तोपर्यंत काही खायला आहे का?’’

गच्चीवरच्या बार्बेक्यूत हा डायलॉग आला नाही, असं कधी झालंय? माझ्या पहिल्यावहिल्या पार्टीत तो बरोब्बर साडेआठला आला. ऑफिसची बारा जणांची गँग, दोन किलो चिकन सकाळपासून मसाल्यात मुरत पडलेलं, आणि शेगडीतून नुसता धूर! मग काय, मी धावत जाऊन कोपऱ्यावरून खिमा समोसे, चिकन लॉलीपॉप आणि वेफर्सची पाकिटं आणली. दहा मिनिटांत सगळं फस्त. पावणेदहाला पहिला टिक्का शेगडीवरून उतरला, तेव्हा पब्लिक खुर्च्यांवर आडवं. ‘‘मस्तंय गं, पण आता एकच हं!’’ उरलेलं चिकन मी पुढचे दोन दिवस डब्यात नेलं.

खरी चपराक मात्र सोमवारी बसली. टीममध्ये नवीन आलेली एक मुलगी पक्की शाकाहारी. तिच्यासाठी पनीर होतं, पण ते चिकनच्याच जाळीवर, त्याच चिमट्याने भाजलेलं. बिचारी काही बोलली नाही. वेफर्स खात, हसत बसली आणि घरी जाऊन मध्यरात्री मॅगी केली. हे मला तिच्या रूममेटकडून कळलं. बोलावलेलं माणूस उपाशी घरी गेलं, यासारखी लाज नाही!

तेव्हापासून माझा फंडा क्लिअर आहे. स्टार्टरचं काम भूक मारणं नाही, भूक धरून ठेवणं आहे. आणि किती वेळ धरायची, ते कोळसा ठरवतो. लाकडी कोळशाला पेटल्यापासून साधारण अर्धा तास लागतो, ब्रिकेट्सना त्याहून थोडा जास्त. वर राखेचा करडा थर आला की समजायचं, आता जाळी ठेवा. म्हणजे पाहुणे आठला येणार असतील, तर काडी साडेसातलाच ओढायची. निम्मा प्रश्न तिथेच सुटतो.

उरलेल्या निम्म्यासाठी एक सोपा नियम. शेगडीवर जे होणार आहे, ते आधी द्यायचं नाही. पुढे गरम, तिखट, धुरकट खायचंय ना? मग आधी गार, आंबट, कुरकुरीत. तळलेलं, चीजवालं आणि ब्रेडवालं बाद. आपल्याकडच्या हुरडा पार्टीत तरी काय असतं? आगटी पेटेपर्यंत हातात ऊस, बोरं, पेरू. समोसे कोणी वाटत नाही!

माझा हमखास हिट मेन्यू असा. तिखट-मीठ लावलेल्या पेरूच्या फोडी. दाण्याचं कूट आणि लिंबू घातलेली खमंग काकडी, छोट्या वाट्यांत. फक्त मीठ अगदी आयत्या वेळी घाला, नाहीतर काकडीला पाणी सुटून सगळा चिखल होतो. कांदा, टोमॅटो, कोथिंबीर घातलेल्या उकडलेल्या शेंगदाण्यांचं चाट. गाजर-मुळ्याच्या काड्या आणि चक्क्यात लसूण-पुदिना घालून केलेलं डिप. ते फ्रिजमधून थोडं थोडंच काढा, गच्चीवर तासन् तास उघडं नको. आणि प्यायला गारेगार सोलकढी. यातलं सगळं व्हेज आहे, हे लक्षात आलं ना? मुद्दामच! स्टार्टरच्या टेबलावर कोणाला ‘यात काय आहे?’ असं विचारावं लागू नये. शेंगदाण्याची अॅलर्जी कोणाला आहे का, हे मात्र आपणच आधी विचारून घ्यायचं.

प्रमाण? माणशी चार-पाच घास, बस्स. संपलं तर संपू दे. रिकाम्या बोलकडे बघून ओशाळायचं नाही. भरायला उठलात की पहिल्या पार्टीतली मी झालात!

आणि शेगडी तयार झाली की पहिला मान व्हेजचा. स्वच्छ जाळीवर आधी कणसं, मग पनीर, सिमला मिरची, मश्रूम. त्यांचा चिमटा आणि ताटही वेगळं. चिकन त्यानंतर. नॉनव्हेजवाले पंधरा मिनिटं थांबले तर काही बिघडत नाही, त्यांच्या हातात लिंबू-तिखट चोळलेलं कणीस असतंच. कच्च्या चिकनचं भांडं भाजलेल्यासाठी पुन्हा वापरायचं नाही, हेही जाता जाता सांगून ठेवते.

एक गोष्ट हमखास विसरते. शेगडीपाशी घाम गाळत उभ्या असलेल्या मित्राची प्लेट! वाटायला सुरुवात करण्याआधी त्याची वाटी बाजूला काढून ठेवा. नाहीतर सगळ्यांना वाढणारा स्वतः काकडीच्या रिकाम्या वाटीकडे बघत बसतो.

मागच्या पार्टीला ती शाकाहारी मैत्रीण पुन्हा आली. पहिलं कणीस तिचं, शेवटचा पनीरचा तुकडाही तिचाच. निघताना म्हणाली, ‘‘आज मॅगी कॅन्सल!’’

चिकन? एक तुकडा उरला नाही. सोमवारी डब्यात पोळी-भाजी नेली, आणि काय सांगू, भारी लागली!