पोलिसांनी वाहन, मोबाइल जप्त केला? दाद कुठे मागायची? पालघरचा अनुभव काय सांगतो?

पोलिसांच्या कारवाईविरुद्ध दाद मागायची म्हटले की बहुतेकांच्या मनात पहिला प्रश्न येतो, ‘पोलिसांची तक्रार पोलिसांकडेच करायची का?’ पालघर-बोईसर पट्ट्यात तो अधिकच बोचतो. तारापूर औद्योगिक वसाहतीत टेम्पो, रिक्षा चालवून पोट भरणाऱ्याचे वाहन महिनाभर ठाण्याच्या आवारात उभे राहिले, तर खटला सुरू होण्याआधीच शिक्षा भोगून होते.

२०१२ मध्ये काय घडले?

शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतरच्या बंदबाबत फेसबुकवर लिहिल्यावरून आणि ते ‘लाइक’ केल्यावरून नोव्हेंबर २०१२ मध्ये पालघरमध्ये दोन तरुणींना अटक झाली. देशभर टीका झाल्यावर ठाणे ग्रामीणचे तत्कालीन पोलीस अधीक्षक आणि पालघरचे वरिष्ठ निरीक्षक निलंबित झाले. पुढे २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने श्रेया सिंघल खटल्यात माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६-अ घटनाबाह्य ठरवले. मात्र त्या वेळी देशाचे लक्ष पालघरकडे होते. एरवी सामान्य माणसाच्या वाट्याला ते येत नाही. त्याच्या हाती असतो तो फक्त कागद.

जप्ती कशी व्हायला हवी?

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार झडती आणि जप्तीचे दृकश्राव्य चित्रीकरण बंधनकारक आहे आणि ते विनाविलंब दंडाधिकाऱ्यांकडे पाठवायचे असते. कलम १०६ नुसार जप्तीची माहितीही दंडाधिकाऱ्यांना तातडीने द्यावी लागते. घर किंवा दुकानाची झडती झाली, तर जप्त वस्तूंच्या यादीची प्रत मागा. गाळा, खोली किंवा जमीन मात्र पोलीस या जप्तीच्या अधिकारात ताब्यात घेऊ शकत नाहीत. महाराष्ट्रातूनच गेलेल्या नेवाडा प्रॉपर्टीज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये हे स्पष्ट केले.

वस्तू परत कशी मिळते?

त्यासाठी ठाण्यात हेलपाटे घालण्यापेक्षा न्यायालयात अर्ज करावा. कलम ४९७ आणि ५०३ खाली वस्तू बंधपत्रावर परत मिळू शकते. वस्तू ठाण्यात १५ दिवस ते फार तर महिनाभर राहाव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई देसाई प्रकरणात २००२ मध्येच सांगितले आहे. तरीही ठाण्यांच्या आवारात गंजणारी वाहने दिसतातच.

तक्रार घेतलीच नाही तर?

कलम १७३(४) नुसार लेखी तक्रार टपालाने पोलीस अधीक्षकांकडे पाठवावी, त्यानंतर दंडाधिकाऱ्यांकडे जावे. पोचपावती जपून ठेवा. विनाकारण त्रास देण्यासाठी जप्ती करणे हा महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम १४७ खाली गुन्हा आहे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा ५०० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. याशिवाय राज्य मानवी हक्क आयोग (घटनेपासून एका वर्षाच्या आत), राज्य पोलीस तक्रार प्राधिकरण आणि गंभीर प्रकरणात अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय, हे मार्ग आहेत.

मग अडते कुठे?

कायदा अपुरा नाही, अंतर मोठे आहे. आयोग असो वा प्राधिकरण, बोईसरच्या कामगाराला रोजंदारी बुडवून मुंबई गाठावी लागते. २००६ च्या प्रकाश सिंह निकालात जिल्हा पातळीवरही तक्रार प्राधिकरण असावे, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर स्वतंत्र जिल्हा झाला तो प्रशासन लोकांच्या जवळ यावे म्हणून. पोलिसांविरुद्धची दादही तितकीच जवळ यायला हवी. ते होईपर्यंत प्रत्येक ठाण्याच्या दर्शनी भागात दोन ओळींचा फलक लावायला काय हरकत आहे? ‘यादीची प्रत मागा. जप्तीचे चित्रीकरण होणे हा कायद्याचा नियम आहे.’ नियमाने काम करणाऱ्या पोलिसांनाही त्याचा आधारच होईल.