दांडी फिरवणाऱ्या हाताची बाजू

परवा बीडमध्ये एका विद्वानांनी व्यासपीठावरून निकाल देऊन टाकला. लोकजीवन पडद्यावर आणावं ते रॉबर्ट फ्लॅहर्टीसारख्या शोधक प्रवाशानं. आपल्या सावेदादांनी नुसती कॅमेऱ्याची दांडी फिरवली, आणि त्यांच्या फिती तरी आज कुठे आहेत?

नुसती दांडी! सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, मुंबईतले फोटोग्राफर. ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात दाखवली गेली, त्यानंतर यांनी लंडनहून २१ गिनींचा कॅमेरा मागवला. एवढे पैसे मोजून १८९९ मध्ये तो रोखला कशावर? हँगिंग गार्डनमधल्या पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांच्या कुस्तीवर. मग माकडवाल्याच्या खेळावर. १९०३ चा दिल्ली दरबार त्यांनी टिपला, पण नंतर. आधी कुणाकडे वळायचं हे ठरवणं म्हणजेच नजर. आमच्याकडे जत्रेच्या फडात हलगी कडाडते, मल्ल एकमेकांच्या हाती माती देतात, आणि पट निघायच्या आतच कडेचा म्हातारा मांडी थोपटून उठतो. त्याला आधी दिसलेलं असतं. सावेदादा त्या कडेला बसणाऱ्यांपैकी होते. विद्वानांनी फड लांबूनही पाहिलेला दिसत नाही.

फ्लॅहर्टी मोठाच. पण १९२२ च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये बंदूक वापरणाऱ्या इनुइटांच्या हाती त्यानं भाला दिला, उजेडासाठी बर्फघर अर्धंच बांधवलं. फितींचं म्हणाल, तर १९१६ मध्ये त्याचंही पहिलं चित्रण सिगारेटनं जळालं. म्हणून त्याचा प्रवास कुणी पुसला नाही.

पहिला भारतीय चित्रपट १९१२ चा की १९१३ चा, या जुन्या भांडणातही दोन्ही बाजूंनी सावेदादांना प्रस्तावनेत कोंबलं होतं. ती खोड जात नाही.

माझं म्हणणं एवढंच, की आपल्या माणसांचं जगणं आपल्यातल्यानं टिपावं. दसरा-दिवाळीनंतर बीडचे कोयते उसाला निघतात. बाहेरचे कॅमेरे येतात, कोपीपुढचं रडकं पोर टिपून परततात. ओळखीच्या टोळीतल्या एका पोरानं मोबाईलवर आपली आई टिपली. डोक्यावर मोळी, ट्रकला लावलेली दवानं ओली फळी. प्रत्येक पावलाला ती आधी अंगठा टेकवून बघते, मग टाच. तिचा चेहरा सोडून पोरानं मोबाईल त्या अंगठ्यावर धरला, ती वर पोचेपर्यंत.